मॅचच्या दिवशी खिडकीवर मिळणारं तिकीट

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

मुलांकडे अमेरिकेला निघालेल्या आईवडिलांसाठी मराठी वृत्तपत्रांतून दर उन्हाळ्यात माहिती येते. औषधं कशी न्यावीत, विमा कुठला घ्यावा, विमानतळावरच्या अधिकाऱ्याला काय उत्तर द्यावं, हे सगळं त्यात असतं आणि ते उपयोगी पडतं. बेसबॉलची मॅच बघायची असेल तर मात्र सगळीकडे एकच वाक्य असतं: मुलांना सांगून तिकीट आधीच फोनवर काढून घ्या. मला त्या वाक्याबद्दल लिहायचं आहे. मी ३६ वर्षं रेल्वेच्या बुकिंग खिडकीच्या आतल्या बाजूला बसले. पुठ्ठ्याच्या छोट्या तिकिटांवर यंत्रात तारीख मारण्यापासून सुरुवात केली आणि संगणकावर संपवली. त्यामुळे तिकीट या विषयावर चार शब्द लिहिण्याचा मला अधिकार आहे, असं मी समजते.

२०२५च्या मे महिन्यात मी आणि माझे यजमान मुलीकडे गेलो. तिचं शहर कुठलं ते लिहीत नाही. मुलगी आणि जावई सकाळी आठला बाहेर पडत, सहाला परत येत. ज्यांनी तिकडे महिने काढले आहेत त्यांना त्या मधल्या दहा तासांचं मोल ठाऊक आहे. गाडी चालवता येत नाही, शेजारी दिसत नाहीत, आणि मुलांना कामावर फोन करून त्रास द्यायचा नाही असं आपणच ठरवलेलं असतं. आम्ही टीव्हीवर बेसबॉल बघायला लागलो. यजमानांचा जन्म क्रिकेट बघण्यात गेला, त्यामुळे पंधरा दिवसांत त्यांना नियम समजले. मला थोडा वेळ लागला. तीन स्ट्राइक म्हणजे फलंदाज बाद आणि तीन बाद म्हणजे अर्धा डाव संपला, आणि मॅचमध्ये असे पूर्ण नऊ डाव, एवढं कळल्यावर बाकीचं आपोआप उलगडत गेलं.

एका बुधवारी आम्ही बसने स्टेडियमपर्यंत गेलो. मॅच दुपारी एकची होती. तिकडे एक पाहुणा संघ येतो, तीन-चार दिवस लागोपाठ खेळतो आणि पुढच्या गावाला जातो. जायच्या दिवशी प्रवासाला वेळ मिळावा म्हणून शेवटची मॅच पुष्कळदा दुपारीच ठेवतात. घरी बसलेल्या आईवडिलांसाठी याहून सोयीची वेळ नाही. आम्ही साडेअकराला खिडकीपाशी पोहोचलो तेव्हा रांगेत पुढे सहा माणसं होती.

खिडकीत माझ्याच वयाचे एक गृहस्थ होते. त्यांनी पहिल्यांदा किती जण ते विचारलं. दोन म्हटल्यावर दुसरा प्रश्न आला, ऊन चालेल का? यजमान काठी टेकत उभे होते. तिकडे बघून त्यांनी तिसरा प्रश्न केला, पायऱ्या किती चढू शकाल? मग काचेखाली चिकटवलेल्या नकाशावर बोट ठेवून ते म्हणाले की इथे तुम्हाला फक्त चार पायऱ्या उतराव्या लागतील, जागा रांगेच्या कडेला आहेत आणि दुसऱ्या डावापासून सावली येईल. एका तिकिटाचे १९ डॉलर. मी वीस-वीसच्या दोन नोटा दिल्या. त्यांनी उरलेले दोन डॉलर माझ्यासमोर एकेक करून मोजून ठेवले, आम्ही ठेवायचो अगदी तसे. मागे गर्दी असो नसो, सुट्टे पैसे गिऱ्हाइकाला दिसतील असे मोजून द्यायचे, हे मला पहिल्या आठवड्यात शिकवलं होतं. ते बघून मला तिथे किती बरं वाटलं ते सांगता येणार नाही.

रात्री जावयांनी सहज फोनवर तसल्याच जागेचा भाव काढून दाखवला. शुल्क धरून तो २६ डॉलरच्या वर जात होता. १२ मे २०२५ पासून तिथल्या केंद्र सरकारच्या व्यापार आयोगाच्या नियमानुसार तिकिटाची शुल्कासकट पूर्ण किंमत आधीच दाखवावी लागते. त्यामुळे निदान शेवटच्या पानावर आकडा फुगत नाही. पण शुल्क गेलेलं नाही, ते फक्त दिसायला लागलं आहे. बऱ्याच ठिकाणी खिडकीवर ते लागत नाही किंवा कमी लागतं. प्रत्येक क्लबचा रिवाज वेगळा, म्हणून विचारून घ्यावं.

सावलीचं थोडं सविस्तर सांगते, कारण फोनवरचा नकाशा हे सांगत नाही. बेसबॉलच्या नियमपुस्तकातच अशी शिफारस आहे की होम प्लेटपासून (फलंदाज उभा राहतो तिथून) पिचरच्या, म्हणजे चेंडू टाकणाऱ्याच्या, पाटीवरून दुसऱ्या बेसकडे (धावताना गाठायच्या दुसऱ्या टप्प्याकडे) जाणारी रेषा पूर्व-ईशान्येकडे असावी, म्हणजे दुपारचं ऊन फलंदाजाच्या डोळ्यांत येत नाही. बहुतेक मैदानं साधारण याच अंगाने बांधलेली आहेत, सगळी नाहीत. त्यामुळे दुपार कलू लागली की होम प्लेटच्या मागे आणि तिसऱ्या बेसच्या बाजूला सावली आधी सरकते, आणि समोरच्या उघड्या बाकांवर बसलेल्यांच्या तोंडावर ऊन येतं. बाकं स्वस्त असतात ती याही कारणाने. जुलैच्या उन्हात सत्तरीच्या माणसाला अडीच तास बसवायचं तर हा फरक मोठा आहे. खिडकीतल्या माणसाला आपल्या स्टेडियमचा कोपरा न् कोपरा माहीत असतो. कुठला खांब आड येतो, कुठून प्रसाधनगृह जवळ आहे, जाळी कुठपर्यंत आहे, हे त्याला न बघता सांगता येतं. जाळीचाही उल्लेख करायला हवा. फलंदाजाच्या बॅटवरून सुटलेला चेंडू प्रेक्षकांत येतो तेव्हा तो थट्टेचा विषय नसतो. २०१८चा मोसम सुरू होईपर्यंत मेजर लीग या तिथल्या सर्वांत वरच्या स्पर्धेतल्या तीसही संघांच्या स्टेडियमांत जाळी निदान दोन्ही डगआउटच्या, म्हणजे खेळाडू बसतात त्या जागांच्या, पलीकडच्या टोकापर्यंत लागली. नातवंडांना घेऊन जाणाऱ्यांनी खिडकीवर स्पष्ट विचारावं की जागा जाळीमागे आहे ना.

गुडघ्यांचं दुखणं असणाऱ्यांनीही लाजू नये. १९९०च्या तिथल्या अपंग हक्क कायद्यामुळे चाकाच्या खुर्चीसाठी आणि सोबतच्या माणसासाठी जागा ठेवाव्याच लागतात. दुसऱ्या खेपेला यजमानांचा गुडघा सुजला होता, तेव्हा खिडकीतल्या मुलीने आपणहून विनापायऱ्यांच्या जागा दिल्या. आम्ही मागितल्याही नव्हत्या.

आम्ही त्या स्टेडियममध्ये एकूण चार मॅच बघितल्या आणि चारही वेळा तिकीट त्याच दिवशी खिडकीवर काढलं. एकदाही परत फिरावं लागलं नाही. लोकांना हे खरं वाटत नाही, कारण आपल्या मनात क्रिकेटच्या मोठ्या मॅचची गर्दी असते. इथे हिशेब वेगळा आहे. प्रत्येक संघ मोसमात १६२ मॅच खेळतो, त्यातल्या ८१ घरच्या मैदानावर. २०२४ साली सगळ्या मिळून ७ कोटी १३ लाखांवर प्रेक्षक आले. मॅचमागे सरासरी काढली तर साडेएकोणतीस हजारांच्या आसपास येते, आणि पुष्कळशा स्टेडियमांत चाळीस हजारांच्या आगेमागे माणसं बसतात. मधल्या वारी, दुपारी, न गाजणारा पाहुणा संघ असेल तर जागा हमखास असते. शिवाय खेळाडूंच्या नातेवाइकांसाठी, पाहुण्या संघासाठी, पाहुण्यांच्या पाहुण्यांसाठी राखून ठेवलेली काही तिकिटं लागली नाहीत तर मॅचच्या दिवशी विक्रीला सुटतात. राखीव कोटा शेवटच्या घटकेला सुटतो हे रेल्वेवाल्यांना वेगळं सांगायला नको. एकटं जाणाऱ्याला तर दोन जोड्यांच्या मधली सुटी राहिलेली फार चांगली जागा मिळून जाते.

सगळीकडे असं चालणार नाही, हेही लिहिते. बॉस्टनच्या फेनवे पार्कमध्ये २००३च्या मे महिन्यापासून २०१३च्या एप्रिलपर्यंत सलग ८२० मॅचची तिकिटं संपलेली होती. लॉस एंजेलिसचं डॉजर स्टेडियम ५६ हजारांचं, तरी २०२५च्या मोसमात तिथे ४० लाखांवर लोक आले. अशा ठिकाणी, किंवा शनिवारी, सुटीच्या दिवशी, आतषबाजीच्या रात्री, बाहुल्या-टोप्या वाटतात त्या दिवशी, खिडकीवर भरवसा ठेवून आजी-आजोबांनी जाऊ नये. आधी फोन करावा. पण बुधवार-गुरुवारच्या दुपारी जरूर जावं.

पहिल्या मॅचहून आम्ही सव्वापाचला घरी आलो होतो. २०२३ साली पिचरला चेंडू टाकायला घड्याळ लावून ठरावीक सेकंदांची मुदत घातल्यापासून खेळ लवकर आटपतो. आदल्या वर्षी नऊ डावांना सरासरी ३ तास ४ मिनिटं लागत होती, ती एका वर्षात सुमारे २ तास ४० मिनिटांवर आली. मी स्वयंपाकाला लागले. मुलगी आल्यावर यजमानांनी तिकिटं तिच्या हातात ठेवली. तिने ती उलटसुलट करून पाहिली आणि तिचा चेहरा उतरला. "आई, मला सांगायचं ना. मी फोनवर काढून पाठवली असती."

तिचं प्रेम मला कळतं. ती आमच्यासाठी सगळं करते. पण मी तिला तेव्हा जे सांगितलं तेच इथे लिहिते. तू काढलेलं तिकीट तुझ्या खात्यावर असतं. ते तू आम्हाला पाठवणार, मग आमच्या फोनवर ते ॲप हवं, त्या ॲपला आमचं खातं हवं, आणि गेटवर ते उघडलं नाही तर तुला मीटिंगमधून उठवायचं. चित्र काढून पाठवलं तर तेही पुष्कळ ठिकाणी चालत नाही, कारण पडद्यावरचा कोड सारखा बदलत असतो. म्हणजे आम्ही मॅचला गेलो तरी तूच आम्हाला नेऊन बसवलेलं असतं. आज आम्ही आमच्या पैशाने, आमच्या पायांनी गेलो. त्या देशात उतरल्यापासून चार आठवड्यांत अशी ही पहिलीच गोष्ट होती. ती ऐकून घेऊन गप्प बसली. दुसऱ्या दिवशी तिने फ्रिजवर मॅचचं वेळापत्रक लावलं आणि दुपारच्या मॅचना लाल गोल केले.

ऑगस्टमध्ये आम्ही मुलाकडे गेलो, दुसऱ्या शहरात. तिथेही एका गुरुवारी दुपारची मॅच होती. तासभर प्रवास करून पोहोचलो तर खिडक्यांवर पडदे ओढलेले होते. काचेवर एक फलक होता, त्यावर चौकोनी कोड आणि तो फोनने टिपा एवढीच सूचना. शेजारी टेबल मांडून एक तरुण उभा होता. त्याने मनापासून मदत केली, हे मला नोंदवायचं आहे. ॲप उतरवलं, यजमानांचा ईमेल टाकला, पासवर्ड केला. मग फोन नंबरवर आकडा येईल म्हणाला. आमचा नंबर भारतातला. आकडा आला नाही. पुन्हा पाठवला, आला नाही. मी पाकिटातले डॉलर काढून दाखवले. तो म्हणाला, आम्ही रोख घेत नाही. मुलाला फोन लावला, तो कामात होता, उचलला नाही. आतून त्यांचं राष्ट्रगीत ऐकू आलं तेव्हा आम्ही जिथे होतो तिथेच उभे राहिलो, आणि ते संपल्यावर बसथांब्याकडे चालू लागलो. संध्याकाळी टीव्हीवर त्याच मॅचची क्षणचित्रं दाखवली. वरचा मजला निम्मा रिकामा होता.

३६ वर्षांत मी कितीतरी लोकांना "गाडी भरली आहे" असं सांगितलं असेल. जागा रिकामी आहे, समोर पैसे घेऊन माणूस उभा आहे, आणि तरी तिकीट देता येत नाही, असं मात्र कधी झालं नाही.

क्लबांची बाजू मला समजत नाही असं नाही. २०२० नंतर कागद हाताळायला नको म्हणून बहुतेक संघ फोनवरच्या तिकिटांकडे वळले. खोटी तिकिटं कमी झाली, हरवलेल्या तिकिटाचं भांडण मिटलं, गेटवरच्या रांगा सरकू लागल्या. कोण आत आला हे क्लबला नावानिशी कळतं. मागणीप्रमाणे रोज भाव बदलायची पद्धत सॅन फ्रान्सिस्कोच्या संघाने २००९ साली काही जागांपुरती सुरू केली आणि नंतर ती पसरली. ती फोनवर जास्त सोयीची आहे. रोख न घेण्याची सुरुवात २०१९ साली फ्लोरिडातल्या ट्रॉपिकाना फील्ड या स्टेडियमने केली. आता काही स्टेडियमांत असं यंत्र असतं की त्यात नोटा घातल्या की कार्ड बाहेर येतं. नोटा घ्यायला यंत्र आहे, मग माणूस का नको? मॅसॅच्युसेट्स राज्यात १९७८पासून कायदा आहे की किरकोळ विक्री करणाऱ्याने रोख देणाऱ्या गिऱ्हाइकाला डावलू नये. फिलाडेल्फिया शहराने आणि न्यू जर्सीने २०१९ साली तसे कायदे केले. तिथल्या लोकांनाही हा प्रश्न वाटतो आहे, तो काही आम्हा पाहुण्यांचाच नाही. त्या दिवशी पडदा ओढलेल्या खिडकीसमोर आमच्याखेरीज एक स्थानिक आजोबाही होते, नातवाला घेऊन आलेले. त्यांचा फोन बटणांचा होता.

आणि हा खेळ तर तिकिटाला फार जपत आलेला आहे. १८७६ साली नॅशनल लीग ही बेसबॉल संघांची संघटना सुरू झाली तेव्हा प्रवेश ५० सेंट ठरला. १८८२ साली दुसरी संघटना उभी राहिली, तिने २५ सेंट ठेवले, मजुरांना परवडावं म्हणून. पावसाने मॅच बुडाली तर अर्धं फाडलेलं तिकीट जपून ठेवायचं आणि ते दाखवून पुढच्या मॅचला बसायचं, ही रीत बेसबॉलने त्याच शतकात पाडली. न्यू ऑर्लिन्सच्या ॲबनर पॉवेल यांना तिचं श्रेय देतात. त्या तुकड्याला रेन चेक म्हणत, आणि आज तिकडे कोणी चहाला बोलावलं आणि जमत नसेल तर हाच शब्द वापरून पुढचा वायदा करतात. एका कागदाच्या तुकड्यावर इतका विश्वास होता.

संपादक महोदय, तीन विनंत्या आहेत. पहिली आपल्याला. प्रवासाच्या माहितीत बेसबॉलबद्दल लिहाल तेव्हा खिडकीचीही माहिती छापा. क्लबच्या संकेतस्थळावर तिकीट खिडकी कधी उघडते ते दिलेलं असतं, तिथे रोख चालते का हे फोनवर सांगतात, आणि मोठी पिशवी आत नेऊ देत नाहीत, म्हणून औषधं छोट्या पारदर्शक पिशवीत न्यावीत. दुसरी विनंती तिथे राहणाऱ्या मुला-मुलींना. आईबाबांना बसचा नंबर सांगा, मॅचची वेळ सांगा आणि त्यांना जाऊ द्या. तिकीट तुम्ही काढू नका. महाराष्ट्र मंडळाने एकत्र नेलं तर तीही मजा आहे, आम्ही एकदा गेलो, पण ते वेगळं.

तिसरी विनंती, असली ॲप बनवणाऱ्या आपल्या मुलांना. माझा मुलगा पैशांच्या व्यवहारांचं सॉफ्टवेअरच लिहितो. त्या गुरुवारी रात्री मी त्याला विचारलं, त्या देशाचा नंबर नसलेला माणूस तुमच्या हिशेबात कुठे बसतो? तो बराच वेळ विचार करून म्हणाला, अशा माणसाची आम्ही चाचणीच घेत नाही. बाळांनो, ती घ्या. ईमेलवर आकडा पाठवायची सोय ठेवा, आणि ॲपच्या शेवटी "जमत नसेल तर अमुक खिडकीवर या" एवढी ओळ असावी, असा बैठकीत आग्रह धरा.

यंदा जूनमध्ये आम्ही पुन्हा जातो आहोत. मुलीच्या गावच्या चार मॅचची आठही तिकिटं यजमानांनी पासपोर्टच्या कव्हरमध्ये ठेवली आहेत. ऊन लागून त्यांवरची छपाई पुसट व्हायला लागली, म्हणून मागे पेन्सिलीने तारखा लिहून ठेवल्या. मुलाच्या गावच्या क्लबला मी टपालाने पत्र पाठवलं आहे: एकच खिडकी, मॅचच्या आधी दोन तास, रोख आणि कार्ड दोन्ही. माणूस मिळत नसेल तर ऑगस्टभर मी स्वतः तिथे असेन, मला काम येतं, असंही लिहिलं होतं. मुलाने ते वाक्य खोडायला लावलं, व्हिसावर काम करता येत नाही म्हणून. बाकीचं पत्र तसंच गेलं आहे. उत्तर आलं की आपल्याला कळवीन.

आपली,
एक निवृत्त बुकिंग क्लार्क